वेबमेल खात्यातून मेल जात नाही किंवा येत नाही : काय तपासावे आणि कोणत्या क्रमाने

मेल जात नाही किंवा येत नाही ही तक्रार घेऊन नातलग, सहकारी आणि ओळखीतले लोक अनेक वर्षांपासून माझ्याकडे येत आहेत. त्यांच्यापैकी बहुतेकांनी माझ्याकडे येण्यापूर्वी दोन-तीनदा पासवर्ड बदललेला असतो, ब्राउझरमधील साठवलेली सगळी माहिती पुसलेली असते आणि फोनवरचे खाते काढून पुन्हा जोडलेले असते. मूळ कारण मात्र जिथल्या तिथे असते, आणि या खटपटीत ते शोधायला उपयोगी पडल्या असत्या अशा काही खुणा पुसल्या गेलेल्या असतात. म्हणून मी एक क्रम ठरवून घेतला आहे. ज्या तपासणीने खात्यात काहीही बदलत नाही ती सर्वांत आधी करायची, जिच्यामुळे थोडे बदलते ती त्यानंतर, आणि जी चुकली तर परत फिरता येणार नाही ती सर्वांत शेवटी, तीही खरोखर गरज असेल तरच. पुढची मांडणी याच क्रमाने केली आहे.

लक्षणे : नेमके काय बिघडले आहे?

"मेल चालत नाही" या तीन शब्दांत पाच-सहा निरनिराळे बिघाड दडलेले असू शकतात, त्यामुळे आपले लक्षण कोणते हे पहिल्यांदा ठरवावे. पाठवण्याचे बटण दाबल्यावर "पाठवत आहे" अशी पट्टी तशीच राहते, किंवा मेल मसुद्यांत पडून राहतो, तेव्हा अडचण बहुधा ब्राउझरमध्ये किंवा इंटरनेट जोडणीत असते. मेल पाठवलेल्या मेलच्या फोल्डरमध्ये दिसतो, परत येत नाही, पण समोरच्याला मिळतही नाही, तेव्हा तो समोरच्याच्या स्पॅममध्ये असण्याची शक्यता मोठी असते. मेल काही मिनिटांत इंग्रजी मजकुरासह परत आला, तर कारण त्या मजकुरातच लिहिलेले असते.

मेल येत नसतील, तर कोणाचेच येत नाहीत की ठरावीक एका माणसाचे किंवा संस्थेचे येत नाहीत, हे पाहावे. कोणाचेच येत नसतील, तर साठवण भरली आहे का ते सर्वांत आधी बघावे. एकाचेच येत नसतील, तर फिल्टर (येणाऱ्या मेलचे काय करायचे याचे आपण लावलेले नियम), अवरोधित पत्त्यांची यादी आणि स्पॅम यांकडे वळावे. फोनवर मेल आल्याची सूचना दिसते, पण थोड्या वेळाने इनबॉक्स उघडला तर मेल तिथे नसतो, हे लक्षण वेगळ्या जातीचे आहे आणि त्यावर खाली स्वतंत्रपणे लिहिले आहे.

चार मेलची चाचणी

पहिली तपासणी फुकट आहे, तिला पंधरा मिनिटे पुरतात आणि तिच्यामुळे खात्यात काहीही बदलत नाही. त्यासाठी वेगळ्या कंपनीच्या सेवेवरचे दुसरे एक चालू खाते लागते. ते घरातल्या कोणाचेही असले तरी चालेल. "चाचणी १", "चाचणी २" असे विषय लिहून, कोणतीही फाइल न जोडता, चार साधे मेल पाठवावेत : बिघडलेल्या खात्यातून त्याच खात्याला, बिघडलेल्या खात्यातून दुसऱ्या खात्याला, दुसऱ्या खात्यातून बिघडलेल्या खात्याला, आणि शेवटी दुसऱ्या खात्यात पोचलेल्या मेलला तिथून उत्तर. प्रत्येक मेल पाठवल्याची वेळ कागदावर लिहून ठेवावी.

या चाचणीतून बिघाडाची दिशा कळते. स्वतःलाच पाठवलेला मेल सहसा त्या कंपनीच्या सर्व्हरबाहेर पडतच नाही, त्यामुळे तो मिळाला तर वेबपान आणि पेटी ठीक आहेत एवढेच सिद्ध होते. तेवढ्यावर समाधान मानून पुष्कळजण चुकतात. दुसऱ्या खात्यातून आलेला नवा मेल मिळत नाही पण उत्तर म्हणून पाठवलेला मिळतो, असे झाले तर दोष जोडणीत नाही, पत्त्यात आहे, कारण उत्तर देताना पत्ता हाताने लिहावा लागत नाही.

मेल लगेच पोचला नाही म्हणून निष्कर्ष काढण्याची घाई करू नये. काही सर्व्हर अनोळखी पाठवणाऱ्याला पहिल्या वेळी मुद्दाम "थोड्या वेळाने या" असे उत्तर देतात. खरा मेल सर्व्हर काही मिनिटांनी पुन्हा प्रयत्न करतो, स्पॅम पाठवणारे प्रोग्राम बऱ्याचदा तसा प्रयत्न करत नाहीत, आणि त्यावरून चाळणी लावली जाते. नव्या पत्त्यावरचा पहिला मेल उशिरा आणि पुढचे मेल झटपट, असा अनुभव आला तर कारण बहुधा हेच असते.

सेवाच बंद आहे का?

गूगल आणि मायक्रोसॉफ्ट यांची सेवास्थिती दाखवणारी पाने सर्वांसाठी खुली आहेत. ती पाहायला अर्धे मिनिट लागते, आणि तिथे बिघाड नोंदलेला असेल तर आपण काहीही न करणे हाच योग्य उपाय असतो. १४ डिसेंबर २०२० रोजी गूगलची खाते ओळखणारी यंत्रणा कोलमडली आणि जगभर जीमेलसह अनेक सेवा पाऊण तासाच्या आसपास बंद पडल्या. दुसऱ्याच दिवशी जीमेलमध्ये आणखी एक बिघाड झाला, ज्यात अस्तित्वात असलेल्या पत्त्यांवर पाठवलेले मेलही "असा पत्ता नाही" या संदेशासह परत गेले. त्या दिवशी ज्यांनी घाईने आपल्या यादीतून ते पत्ते काढून टाकले, त्यांनी चांगले पत्ते गमावले. परत आलेल्या एका मेलवर विसंबून कायमचा बदल करू नये, दुसऱ्या दिवशी एकदा पुन्हा पाठवून पाहावे, असे मी सांगतो ते यामुळेच.

पत्ता अक्षर अक्षर वाचा

पत्त्यातील चूक डोळ्यांना दिसत नाही, कारण आपण पत्ता वाचत नाही, ओळखतो. टिंबाच्या जागी स्वल्पविराम, "कॉम"मधील शेवटचे अक्षर गळालेले, "जीमेल"मधील दोन अक्षरांची अदलाबदल, या नेहमीच्या चुका आहेत. एखाद्या दस्तऐवजातून पत्ता उचलून चिकटवला, तर त्यामागे वाक्याचा पूर्णविराम किंवा न दिसणारी रिकामी जागा चिकटून येते. म्हणून शंका आली की पत्ता पूर्ण खोडून हाताने लिहावा आणि शेवटच्या अक्षरापासून उलट वाचत यावे. उलट वाचताना मन शब्द पूर्ण करू शकत नाही, त्यामुळे चूक सापडते.

एकदा चुकलेला पत्ता वेबमेलच्या सूचनांमध्ये साठून राहतो आणि नावाची पहिली दोन अक्षरे लिहिताच तोच पुढे येतो, ही त्यातली खरी अडचण आहे. तेव्हा मेल दुरुस्त करून पाठवल्यावर संपर्कयादीत जाऊन तो जुना चुकीचा पत्ता काढून टाकावा, नाहीतर पुढच्या महिन्यात हीच तक्रार पुन्हा येते.

परत आलेला मेल पूर्ण वाचा

माझ्या अनुभवात सर्वांत जास्त वेळ वाचवणारी आणि सर्वांत कमी लोक करतात ती तपासणी ही आहे. परत आलेला मेल इंग्रजीत असतो, त्यात सर्व्हरांची लांबलचक नावे असतात, आणि वाचणारा पहिल्या ओळीवरच थांबतो. वास्तविक त्यात एकच गोष्ट शोधायची असते : तीन आकडी संकेतांक, आणि त्याच्या पुढे टिंबांनी जोडलेले तीन आकडे.

तीन आकडी संकेतांक ४ ने सुरू होत असेल, तर अडचण तात्पुरती आहे. सर्व्हर स्वतःच पुन्हा पुन्हा प्रयत्न करत राहतो. मेलच्या देवाणघेवाणीचे मानक असे सांगते की हे प्रयत्न साधारण चार-पाच दिवस चालू ठेवावेत. "पोचवण्यास उशीर होत आहे" अशी सूचना आली म्हणून तोच मेल पुन्हा पाठवला, तर समोरच्याला अखेरीस त्याच्या तीन-चार प्रती मिळतात. संकेतांक ५ ने सुरू होत असेल, तर सर्व्हरने प्रयत्न सोडले आहेत आणि काहीतरी बदलल्याशिवाय तो मेल जाणार नाही.

५५० सोबत ५.१.१ असेल, तर त्या पत्त्याची पेटी नाही, म्हणून पत्ता तपासावा. ५.२.२ असेल, तर समोरच्याची पेटी भरली आहे. आपल्या खात्यात कितीही शोधले तरी काही सापडणार नाही, त्यांना फोन करून कळवावे. ५.३.४ असेल, तर मेल त्या यंत्रणेला पेलणार नाही इतका मोठा आहे. ५.७ ने सुरू होणारे आकडे असतील, तर मेल धोरणामुळे किंवा विश्वासाच्या अभावामुळे नाकारला गेला आहे, आणि हा प्रकार सर्वांत अवघड असल्याने त्याबद्दल शेवटी लिहिले आहे.

आपण पाठवलाच नाही असा मेल परत आला, तर लगेच पाठवलेल्या मेलचे फोल्डर पाहावे. तिथे तो मेल नसेल, तर बहुधा कोणीतरी आपला पत्ता पाठवणारा म्हणून खोटाच लिहिला आहे. पाकिटावर दुसऱ्याचे नाव लिहिण्यासारखे ते आहे आणि त्यासाठी खात्यात शिरावे लागत नाही. तिथे तो मेल असेल, तर खात्यात कोणीतरी शिरले आहे, आणि इतर सर्व तपासण्या बाजूला ठेवून खाली सुरक्षेबद्दल जे लिहिले आहे तिकडे जावे.

साठवण भरली आहे का?

येणे आणि जाणे ही दोन्ही एकाच वेळी बंद झाली असतील, तर मी पहिल्यांदा साठवणच पाहतो. गूगलच्या मोफत खात्याला मिळणारी १५ जीबी जागा फक्त मेलसाठी नसते. जीमेल, ड्राइव्ह आणि फोटो या तिघांना मिळून ती असते. १ जून २०२१ पर्यंत ठरावीक दर्जाचे फोटो या हिशेबात धरले जात नव्हते, त्या दिवसापासून चढवलेले सगळे फोटो धरले जातात. म्हणून वर्षानुवर्षे सुरळीत चाललेले खाते अचानक अडते, आणि खातेदाराला त्याचा फोटोंशी काही संबंध असेल अशी शंकाही येत नाही.

माझ्या एका नातलगाने अडीच हजार मेल पुसून झाल्यावर मला फोन केला होता. त्यांचे मेल सगळे मिळून एक जीबीसुद्धा भरत नव्हते. उरलेली सर्व जागा फोनमधून आपोआप चढलेल्या चित्रफितींनी भरली होती, आणि त्यांतली सर्वांत मोठी चित्रफीत खिशात फोन चालू राहिल्याने झालेले बावीस मिनिटांचे काळे चित्रीकरण होते. तेवढी एक पुसून आणि कचरापेटी रिकामी करून खाते पुन्हा चालू झाले. पुसलेल्या अडीच हजार मेलमधील जे हवे होते ते मात्र गेले.

मायक्रोसॉफ्टच्या मोफत खात्यात मेलपेटीसाठी १५ जीबी आणि वनड्राइव्हसाठी ५ जीबी असे दोन वेगळे हिशेब असतात. २०२३ पासून मेलसोबतच्या फायली त्या दुसऱ्या, लहान हिशेबातही धरल्या जातात, आणि तो ओलांडला तरी मेलची ये-जा थांबते. त्यामुळे मेलपेटी अर्धी रिकामी दिसते म्हणून तपासणी सोडून देऊ नये.

जागा मोकळी करताना संख्येकडे पाहू नये, आकाराकडे पाहावे. जीमेलच्या शोधपट्टीच्या उजव्या टोकाचे चिन्ह दाबल्यावर आकाराची अट घालता येते. दहा एमबीपेक्षा मोठे मेल आधी काढावेत, आणि त्यांतील हव्या त्या फायली आधी संगणकावर उतरवून घ्याव्यात. पुसलेले मेल कचरापेटीत असेपर्यंत जागा अडवतच राहतात, म्हणून ती रिकामी करणे ही शेवटची पायरी असते आणि ती परत फिरवता येत नाही. जागा झाल्यावरही आकडा बदलायला वेळ लागू शकतो. या काळात जे मेल पाठवणाऱ्याकडे परत गेले ते आपोआप येत नाहीत, त्यामुळे ज्यांच्या मेलची वाट पाहत होतो त्यांना पुन्हा पाठवण्याची विनंती करावी लागते.

मेल आला आहे, पण इनबॉक्समध्ये नाही

स्पॅम पाहिला का, असे विचारले की सगळे हो म्हणतात. पण इनबॉक्सचे विभाग, संग्रहित मेल आणि कचरापेटी फारसे कोणी पाहत नाही. जीमेलमध्ये जाहिरात आणि सामाजिक असे विभाग इनबॉक्सपासून वेगळे असतात, आणि साधा शोध घेतला तर त्यात स्पॅम आणि कचरापेटी येत नाहीत. म्हणून शोध घेताना "सर्व ठिकाणी, स्पॅम व कचरापेटीसह" असा पर्याय निवडावा आणि पाठवणाऱ्याच्या पत्त्याचा फक्त पहिला भाग लिहावा.

त्यानंतर सेटिंगमध्ये जाऊन फिल्टरची यादी शांतपणे, एकेक ओळ वाचावी. एका तरुणाला मुलाखतीनंतर नोकरीचे पत्र मेलने येणार होते आणि ते तीन आठवडे आले नव्हते. कंपनीने दोनदा पाठवल्याचे सांगितले होते. त्याने स्पॅम रोज पाहिला होता. त्याच्या फिल्टरच्या यादीत एकच नोंद होती. जाहिरातींना कंटाळून त्याने दोन वर्षांपूर्वी "ऑफर" हा इंग्रजी शब्द असलेला प्रत्येक मेल थेट पुसला जावा असे लिहून ठेवले होते, आणि नोकरीच्या पत्राच्या विषयातच तो शब्द होता. जीमेलची कचरापेटी ३० दिवसांनी आपोआप रिकामी होते. पहिले पत्र मिळाले तेव्हा त्यातले तेवीस दिवस उलटले होते. तेव्हापासून मी सर्वांना सांगतो की फिल्टरने मेल पुसू नये, फार तर बाजूच्या फोल्डरमध्ये ठेवावा.

फिल्टरच्या शेजारीच अवरोधित पत्त्यांची यादी आणि फॉरवर्डिंगचा, म्हणजे आलेल्या मेलची प्रत आपोआप दुसऱ्या पत्त्यावर पाठवण्याचा, पर्याय असतो. चुकून दाबलेल्या एका बटणाने एखादा पत्ता कायमचा अवरोधित होतो, आणि त्या माणसाला त्याची काहीच सूचना जात नाही. फॉरवर्डिंगमध्ये अनोळखी पत्ता दिसला, तर तो कोणी घातला हे विचारात घ्यावे लागते. तो आपणच घातलेला नसेल, तर ही सुरक्षेची बाब झाली.

डोळ्यांदेखत नाहीसा होणारा मेल

फोनवर सूचना वाजते, मेल दिसतो, आणि वेबपान ताजे केल्यावर तो नसतो, या लक्षणामागे बहुधा जुना संगणक असतो. पूर्वी मेल संगणकावर उतरवून घेण्यासाठी पॉप नावाची पद्धत सर्रास वापरली जात असे, आणि मेल उतरवला की सर्व्हरवरची प्रत पुसायची, अशी तिची मूळ रीत आहे. कार्यालयातल्या किंवा घरातल्या एखाद्या जुन्या संगणकावरचा मेल प्रोग्राम अजून चालू असेल, तर तो दर काही मिनिटांनी येऊन नवे मेल घेऊन जातो. वेबमेलमध्ये कितीही शोधले तरी ते मेल तिथे नसतात, आणि कोणीतरी खाते हॅक केले असावे असा समज होतो.

अशा वेळी मेल हरवलेले नसतात, त्या संगणकावर सुखरूप असतात. तो संगणक शोधावा आणि त्यातील मेल प्रोग्रामच्या खातेसेटिंगमध्ये "सर्व्हरवर प्रत ठेवा" हा पर्याय चालू करावा, किंवा त्याहून चांगले म्हणजे खाते आयमॅप पद्धतीने पुन्हा जोडावे, कारण आयमॅपमध्ये मेल सर्व्हरवरच राहतात आणि सर्व उपकरणांवर सारखेच दिसतात. मात्र जुने खाते प्रोग्राममधून काढण्यापूर्वी त्यात उतरलेल्या मेलची प्रत काढून ठेवावी, कारण त्यांची दुसरी प्रत बहुधा कुठेही नसते.

ब्राउझर आणि जोडणी

इथवर कारण सापडले नसेल आणि लक्षण "पाठवत आहे" असे अडकून राहण्याचे असेल, तर ब्राउझरची खाजगी (इन्कॉग्निटो) खिडकी उघडून तिथे खात्यात शिरावे. खाजगी खिडकीत जुन्या कुकी (संकेतस्थळांनी ब्राउझरमध्ये साठवलेल्या छोट्या नोंदी) नसतात आणि बहुतेक एक्स्टेंशन (ब्राउझरला जोडलेले छोटे प्रोग्राम) बंद असतात, म्हणून तिथे मेल गेला तर दोष नेहमीच्या खिडकीतल्या या दोहोंपैकी एकात आहे हे निश्चित होते. मग जाहिराती रोखणारे एक्स्टेंशन आधी बंद करून पाहावे. त्याने फरक पडला नाही, तर फक्त त्या मेलसेवेच्या कुकी पुसाव्यात. सगळ्या संकेतस्थळांच्या पुसू नयेत. त्याआधी पासवर्ड आठवतो का आणि पडताळणीचा फोन हाताशी आहे का याची खात्री करावी, कारण कुकी पुसल्यावर पुन्हा खात्यात शिरावे लागते, आणि पासवर्ड विसरलेले कित्येक जण त्याच क्षणी दाराबाहेर अडकतात.

सुरक्षा प्रमाणपत्राचा इशारा दिसत असेल, तर संगणकाच्या घड्याळाची तारीख पाहावी. प्रमाणपत्रे ठरावीक मुदतीची असतात, आणि तारीख मागे किंवा पुढे गेली तर चांगले प्रमाणपत्रही ब्राउझरला मुदतबाह्य वाटते. तारीख बरोबर असूनही इशारा येत असेल, तर तो डावलून पासवर्ड कधीही लिहू नये. दुसऱ्या जोडणीवरून, उदाहरणार्थ फोनच्या डेटावरून, प्रयत्न करावा.

इंटरनेटवर शोधल्यास ५८७ आणि ४६५ या पोर्टबद्दल, म्हणजे मेल पाठवण्याच्या जोडणीच्या क्रमांकांबद्दल, भरपूर सल्ले मिळतात. ते मेल प्रोग्रामसाठी आहेत. वेबमेल वापरताना ब्राउझर सेवेशी साध्या सुरक्षित वेबजोडणीने बोलतो, आणि पुढे मेल पोचवण्याचे काम कंपनीचे सर्व्हर करतात, त्यामुळे या पोर्टांना हात लावून वेबमेलचा बिघाड दुरुस्त होत नाही.

फक्त मोठे मेल जात नाहीत, किंवा दिवसभर जातच नाहीत

जीमेलमध्ये जोडलेल्या फायलींची मर्यादा २५ एमबी आहे, पण समोरच्या सर्व्हरची मर्यादा त्याहून कमी असू शकते. शिवाय मेलमधून जाताना फाइलचे अक्षरांत रूपांतर होते, त्यात तीन बाइटांची चार अक्षरे होतात, म्हणून फाइल सुमारे एक तृतीयांशाने फुगते. वीस एमबीची फाइल वाटेत सत्तावीसच्या आसपास भरते. मोठी फाइल मेघसाठवणीत ठेवून तिचा दुवा पाठवणे हा सरळ मार्ग आहे.

दिवसाला पाठवण्याचीही मर्यादा असते. जीमेलच्या वैयक्तिक खात्यातून एका दिवसात साधारण ५०० जणांना मेल पाठवता येतो; ती ओलांडली की पाठवणे थांबते आणि सहसा २४ तासांच्या आत पुन्हा सुरू होते. आमंत्रणे किंवा निकाल एकाच वेळी सर्वांना पाठवणाऱ्यांना याचा फटका बसतो. या काळात पुन्हा पुन्हा प्रयत्न करू नयेत, थांबावे.

खात्यात दुसरे कोणी शिरले असेल तर

आपण न पाठवलेले मेल पाठवलेल्या फोल्डरमध्ये दिसणे, अनोळखी फॉरवर्डिंग पत्ता असणे, सर्व मेल पुसणारा किंवा संग्रहित करणारा फिल्टर सापडणे, यांपैकी एक जरी खूण दिसली तरी पासवर्ड बदलायला हवा, पण तेवढे पुरत नाही हे मला आवर्जून सांगायचे आहे. शिरलेला माणूस फॉरवर्डिंग लावून गेला असेल, तर पासवर्ड बदलल्यावरही प्रत्येक मेलची प्रत त्याच्याकडे जात राहते, आणि त्यात बँकेचे मेल आणि इतर सेवांचे पासवर्ड बदलण्याचे दुवेही असतात.

म्हणून खात्रीच्या, विषाणूमुक्त उपकरणावरून पासवर्ड बदलावा, इतर सर्व उपकरणांवरून खात्याबाहेर पडावे, मग फॉरवर्डिंग, फिल्टर, उत्तर जाण्याचा पत्ता, पुनर्प्राप्तीचा फोन आणि मेल, जोडलेली अ‍ॅप व अ‍ॅप पासवर्ड हे सर्व एकेक करून तपासावे, आणि शेवटी दुहेरी पडताळणी लावावी. अनोळखी फिल्टर काढण्यापूर्वी त्याचे छायाचित्र घेऊन ठेवावे. पुढे तक्रार करावी लागली तर तोच पुरावा ठरतो.

कुठे थांबावे आणि कोणाला बोलवावे

खाते कार्यालयाचे किंवा शिक्षणसंस्थेचे असेल, तर चार मेलची चाचणी आणि परत आलेल्या मेलचे वाचन झाल्यावर थांबावे. त्यापुढच्या मर्यादा, चाळण्या आणि नियम प्रशासकाच्या हाती असतात, आपल्याला ते दिसतही नाहीत.

पत्ता स्वतःच्या डोमेनचा (पत्त्यातील @ नंतरचे, आपण नोंदवलेले नाव) असेल, तर डोमेनची मुदत संपली आहे का एवढे स्वतः पाहावे. मुदत संपली की त्याच डोमेनवरचे संकेतस्थळही सहसा बंद पडते, ही ओळखण्याची सोपी खूण आहे. त्यापलीकडे मेल कोणत्या सर्व्हरने स्वीकारावा हे सांगणारी एमएक्स नोंद, आणि आपल्या नावाने कोण मेल पाठवू शकतो हे सांगणाऱ्या एसपीएफ, डीकिम आणि डीमार्क या नोंदी येतात. फेब्रुवारी २०२४ पासून गूगल आणि याहू यांनी पाठवणाऱ्यांसाठी या नोंदींचे नियम कडक केले, आणि त्यानंतर ५.७ ने सुरू होणाऱ्या संकेतांकासह परत येणाऱ्या मेलच्या तक्रारी माझ्याकडे वाढल्या. एका डोमेनला एसपीएफची एकच नोंद असावी लागते. कुठेतरी वाचून दुसरी नोंद जोडली, तर दोन्ही निरुपयोगी ठरतात आणि जे मेल जात होते तेही अडू लागतात. या नोंदी जाणकारानेच बदलाव्यात, आणि बदलण्यापूर्वी जुन्या नोंदींची प्रत घ्यावी.

खाते निलंबित झाले असेल, किंवा पासवर्ड आणि पुनर्प्राप्तीचे सर्व मार्ग हातचे गेले असतील, तर कंपनीचे अधिकृत पुनर्प्राप्तीपान हाच एक रस्ता आहे, आणि तो शक्यतो नेहमीच्या उपकरणावरून व नेहमीच्या जागेवरून वापरावा, कारण ओळख पटवताना ती गोष्टही पाहिली जाते. शोधयंत्रात सापडलेल्या "ग्राहक सेवा" क्रमांकावर फोन करू नये. मोफत मेलसेवांची बहुतेक मदत वेबपानांवरूनच मिळते, आणि फोनवर ओटीपी विचारणारा किंवा आपला पडदा दुरून हाताळू मागणारा माणूस कितीही नम्र बोलला तरी तो खाते लुबाडायलाच बसलेला असतो.

मदत मागताना "मेल चालत नाही" एवढेच सांगू नये. बिघाड कधीपासून आहे, चार चाचण्यांच्या वेळा आणि निकाल काय आले, आणि त्यानंतर आपण काय काय बदलले, हे लिहून द्यावे, आणि परत आलेला मेल छायाचित्र म्हणून न पाठवता त्याचा पूर्ण मजकूर द्यावा. उशिरा पोचलेला एखादा मेल असेल, तर त्याच्या मेनूतील "मूळ संदेश दाखवा" हा पर्याय उघडून तिथला सगळा मजकूर सोबत जोडावा. तो मेल कोणत्या सर्व्हरवर कधी पोचला याच्या वेळा त्यात ओळीने नोंदलेल्या असतात, आणि जाणकार माणूस सर्वांत आधी त्याच पाहतो.